आंबेडकरी चळवळीचा मौखिक इतिहास (नागपूर)

आंबेडकरी चळवळीत भाग घेतलेल्या व्यक्तींच्या मुलाखती, आठवणी, गीते व ओव्या यांच्या आधारे सिद्ध होणारा इतिहास. ज्या समाजाला दीर्घकाळ लेखन-वाचनापासून दूर ठेवण्यात आले, त्याच्या परंपरेचे मुख्य साधन वाणी हेच असते. जमेकात १९३० नंतर उदयास आलेल्या रास्ताफारी पंथाचा वारसाही प्रामुख्याने सामूहिक चर्चा, गायन व वडीलधाऱ्यांचे कथन यांतून टिकला आहे. महाराष्ट्रात या दृष्टीने नागपूरचे उदाहरण लक्षणीय आहे.

नागपूरमध्ये १८ ते २० जुलै १९४२ या काळात अखिल भारतीय दलित वर्ग परिषद भरली. २० जुलै रोजी सुलोचनाबाई डोंगरे यांच्या अध्यक्षतेखाली महिला परिषद झाली आणि तीत घटस्फोटाचा हक्क, बहुपत्नीकत्वास बंदी व कामगार स्त्रियांच्या सवलती यांविषयी ठराव संमत झाले. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी येथेच महास्थवीर चंद्रमणी यांच्याकडून बौद्ध धम्माची दीक्षा घेतली व नंतर लाखो अनुयायांना दीक्षा दिली. परिषदांचे ठराव आणि नेत्यांची भाषणे जनता (नंतरचे प्रबुद्ध भारत) या पत्रातून मिळतात. परंतु प्रवासखर्च कसा जमला, देव्हाऱ्यातील देव कोणी काढले, घरातून विरोध कोणी केला, या गोष्टी लिखित साधनांत क्वचितच आढळतात. स्त्रियांचा वाटा तर बव्हंशी स्मृतीतच राहिला.

ही उणीव भरून काढण्याच्या हेतूने ऊर्मिला पवार व मीनाक्षी मून यांनी चळवळीतील स्त्रियांना भेटून मुलाखती घेतल्या. त्यांवर आधारलेला आम्हीही इतिहास घडवला हा ग्रंथ १९८९ मध्ये प्रसिद्ध झाला. नागपूरच्या वस्तीजीवनाचे चित्र वसंत मून (१९३२–२००२) यांच्या वस्ती (१९९५) या आत्मकथनात उमटले आहे. वामनदादा कर्डक (१९२२–२००४) यांच्यासारख्या लोककवींची भीमगीते, जलसे व जात्यावरील ओव्या यांनीही हा इतिहास निरक्षर श्रोत्यांपर्यंत पोहोचविला.

मौखिक साधनांना मर्यादा आहेत. काळाच्या ओघात घटनांचा क्रम बदलतो, उदा., १४ ऑक्टोबरचा दीक्षाविधी व १५ ऑक्टोबरचे भाषण स्मृतीत एकरूप होऊ शकतात. म्हणून कथनाचा समकालीन वृत्तपत्रांशी व अन्य साक्षींशी ताळा घ्यावा लागतो. तथापि तिथी चुकली, तरी त्या घटनेने माणसाच्या जीवनात काय पालटले, याची साक्ष त्यामुळे निरर्थक ठरत नाही. निवेदकाची संमती घेणे, ध्वनिमुद्रण मूळ स्वरूपात जतन करणे आणि लिप्यंतर करताना वऱ्हाडी-नागपुरी बोलीचे शब्द प्रमाणभाषेत न बदलणे, ही या कामाची आवश्यक पथ्ये होत.

१९५६ मध्ये विशीत असलेली पिढी आज नव्वदीच्या घरात आहे. लिखित कागद उशिरानेही सापडू शकतो. न नोंदविलेली आठवण मात्र व्यक्तीबरोबरच नाहीशी होते.