जुनी जर्मन मोटार : हौस आणि हिशेब

जुन्या वस्तूंचें प्रेम आपल्या घरांना नवें नाहीं. आजोबांचें लंबकाचें घड्याळ, माळ्यावरची शिसवी पेटी, पणजीच्या वेळची पितळी समई ह्या वस्तू पिढ्यान् पिढ्या घरांत नांदतात, आणि त्या बदल्यांत वर्षाकांठीं थोडें तेल, थोडी चिंच आणि फडक्याचा एक हात एवढेंच मागतात. मोटारीची गोष्ट निराळी आहे. ती चालती असेल तोंवरच मोटार. एका जागीं उभी राहिली कीं तिचें भंगार होण्यास फार काळ लागत नाहीं. म्हणून घरांतील धाकटा भाऊ किंवा पुतण्या जेव्हां असा प्रस्ताव मांडतो कीं, "नव्या लहान मोटारीच्या निम्म्या किमतींत जुनी मर्सिडीज मिळते आहे, ती घेऊं या," तेव्हां वडील माणसांनीं तो हंसण्यावारीं नेऊं नये, आणि लगेच मानही डोलवूं नये. ह्या हौसेंत खरोखरीचें सुख आहे. पण चुकीची गाडी दारांत आली तर ती घरच्या शिलकेस आणि घरच्या सलोख्यास, दोहोंसही वाळवीप्रमाणें लागते. ह्या हौसेचा हिशेब आधींच मांडलेला बरा.

एका गाडीची कीर्ति

मोघम बोलण्यापेक्षां एक विवक्षित गाडी डोळ्यांसमोर ठेवूं. पश्चिम जर्मनींतील डाइम्लर-बेंझ कंपनीनें जानेवारी १९७६ मध्यें एक चार दारांची मोटार लोकांपुढें आणली. कारखान्याच्या दप्तरीं तिची ओळख 'डब्ल्यू १२३' अशी आहे. १९८६ च्या आरंभापर्यंत ती निघत राहिली, आणि सर्व प्रकार मिळून सुमारें २७ लक्ष गाड्या तयार झाल्या. पहिल्या कांहीं वर्षांत तिला इतकी मागणी होती कीं, नव्या गाडीसाठीं महिनेच्या महिने वाट पाहावी लागे, आणि थोडीशी वापरलेली गाडी कित्येकदां नव्या गाडीच्या भावानें विकली जाई. डॉक्टर, वकील, शेतकरी, टॅक्सीवाला असे नाना प्रकारचे लोक तिचे मालक होते. हस्तिदंती रंगाची ही टॅक्सी त्या काळच्या जर्मन शहरांची एक खूणच होऊन बसली होती.

ती वेगाची गाडी नव्हे. तिच्या डीझेल प्रकारांपैकीं आरंभींच्या '२०० डी' चें बळ अवघें ५५ अश्वशक्तीचें होतें. ताशीं १०० किलोमीटरचा वेग गाठण्यास तिला सुमारें अर्धा मिनिट लागे. परंतु तिच्या दीर्घायुष्याचें एक मर्म ह्या मंदपणांतच आहे. आकारानें मोठ्या एंजिनाकडून बेताचें काम घेतलें म्हणजे त्याच्या भागांवर ताण थोडा पडतो. शिवाय ह्या एंजिनांत विजेवर चालणारा मेंदू नाहीं. इंधन फवारणारा पंप सर्वस्वीं यांत्रिक असून, एकदां सुरू झालेलें एंजिन विजेवांचूनही चालत राहतें. जें उघडून पाहतां येतें तें दुरुस्तही करतां येतें. ही गाडी आज हौशी लोकांस प्रिय आहे, याचें हें एक मोठें कारण.

तिच्या लगतच्या आधींच्या पिढींतील एका '२४० डी' ची हकीगत प्रसिद्ध आहे. ग्रीसमधील टॅक्सीचालक ग्रेगोरिओस साखिनिदिस यांनीं आपली गाडी सुमारें ४६ लक्ष किलोमीटर चालविली, आणि २००४ सालीं ती कंपनीच्या संग्रहालयास मिळाली. ह्या कौतुकांत एक गोष्ट मात्र बहुधा सांगावयाची राहून जाते. एवढ्या प्रवासांत त्या गाडीचीं एंजिनें वेळोवेळीं बदललीं गेलीं होतीं. टिकला तो सांगाडा, आणि टिकली ती मालकाची दक्षता. जुनी गाडी घेणाऱ्यानें एवढा एक धडा घेतला तरी त्याचे निम्मे पैसे वांचतील.

सांगाडा घ्यावा, चकाकी नव्हे

गिऱ्हाईक पहिल्याप्रथम बॉनेट उघडून एंजिन पाहतें. हा क्रम उलटा आहे. एंजिन बदलतां येतें, गिअरपेटी बदलतां येते, आसनें नव्यानें मढवितां येतात. पण गंजानें खाल्लेला सांगाडा पूर्ववत् करावयाचा म्हणजे किमतीच्या कैक पट खर्च. म्हणून तपासणी खालून वर करावी. जॅक लावण्याच्या चार जागा, दारांखालचे लांब पट्टे, चाकांवरचे कमानीसारखे भाग, बॅटरीखालचा पत्रा, डिकींतील जादा चाकाचा खळगा आणि पुढच्या-मागच्या कांचांचे खालचे कोपरे हीं गंजाचीं आवडतीं घरें होत. रंग नवा कोरा असेल तर आनंदून न जातां अधिक सावध व्हावें. मऊ कापडांत गुंडाळलेलें एक लहानसें लोहचुंबक बरोबर न्यावें. जेथें तें पत्र्यास चिकटत नाहीं तेथें रंगाखालीं पत्रा नसून पुट्टी आहे असें समजावें.

त्यानंतर एंजिनाकडे वळावें. तें पाहावयाचें तर थंड असतांनाच पाहावें. विकणाऱ्यानें आपण येण्यापूर्वींच गाडी तापवून ठेविली असेल तर त्यामागें कांहीं कारण असूं शकतें. डीझेल गाडींत किल्ली फिरवून समोरचा दिवा विझेपर्यंत थांबावें लागतें. तेवढ्या अवधींत एंजिनांतील तापतारा गरम होतात. मग सुरू होतांना थोडा धूर येणें क्षम्य आहे. परंतु एंजिन तापल्यावरही निळा धूर येत राहिला तर तेल जळत आहे. चालू एंजिनावरील तेलाचें झांकण सैल करून पाहावें. तें थरथरलें तर हरकत नाहीं. उडूं लागलें तर आंतील झीज मोठी आहे.

ह्या गाडीची एक गंमतही माहीत असावी. दरवाजांचीं कुलुपें आणि डीझेल एंजिन बंद करण्याची क्रिया, हीं दोन्हीं हवा शोषणाऱ्या बारीक नळ्यांवर अवलंबून असतात. एखादी नळी किंवा रबरी पडदा फाटला कीं किल्ली काढून घेतली तरी एंजिन धडधडत राहतें. नवखा मालक घाबरतो, आणि लोभी मिस्त्री त्या भीतीच्या आधारें मोठें बिल लिहितो. वस्तुतः बॉनेटखालीं 'स्टॉप' असें लिहिलेला एक दांडा असतो, तो दाबला कीं एंजिन थांबतें. आणि मूळ दोष पुष्कळदां एखाद्या स्वस्त रबरी तुकड्यांत असतो.

किलोमीटर मोजणाऱ्या आंकड्यांवर भरंवसा ठेवूं नये. ह्या गाड्यांतील तें यंत्र वारंवार बंद पडतें, आणि बंद पडलेल्या आंकड्यास कमी वापराचें प्रमाणपत्र म्हणून दाखविणारे विक्रेते सर्व देशांत आहेत. त्यापेक्षां जुन्या पावत्या आणि देखभालीची वही मागावी. ज्या मालकानें वीस वर्षांपूर्वींची तेल बदलल्याची पावती जपून ठेविली, त्यानें गाडीही जपली असण्याचा संभव पुष्कळ. तात्पर्य, ज्या गाडीची किंमत अधिक पण कागद आणि सांगाडा स्वच्छ, तीच शेवटीं स्वस्त पडते.

वर्षाचा नेम

गाडी घरीं आल्यावर खरा संसार सुरू होतो. तेल आणि त्याची गाळणी वेळच्या वेळीं बदलणें हा पहिला नेम. ह्या जुन्या डीझेल एंजिनांच्या झडपांमधील फट आपोआप जुळत नाहीं. ती ठराविक अंतरानें मोजून हातानें जुळवावी लागते. हें काम चुकलें तर गाडी थंडींत सुरू होण्यास कुरकुर करते आणि हळूहळू दम हरपते. ब्रेकचें तेल हवेंतील ओलावा शोषून घेतें, म्हणून तें दर दोन वर्षांनीं बदलावें. रबरी नळ्या वरून धडधाकट दिसल्या तरी आंतून सुजून अरुंद होतात. टायरावरील नक्षी शाबूत असली तरी त्याचें वय पाहावें. त्याच्या कडेवर चार आंकडे कोरलेले असतात. पहिले दोन आठवडा सांगतात आणि पुढचे दोन वर्ष. दहा वर्षांचा टायर नक्षीसाठीं ठेवणें म्हणजे कुटुंबाचा जीव पणास लावणें होय.

आणि सर्वांत सोपा पण सर्वांत अधिक मोडला जाणारा नेम म्हणजे गाडी चालविणें. आठ-पंधरा दिवसांनीं एकदां, एंजिन नीट तापेल इतक्या अंतरावर तिला न्यावें. जागच्या जागीं पांच मिनिटें एंजिन चालवून बंद केल्यानें लाभ होत नाहीं. उलट सायलेन्सरांत पाणी सांचून तो आंतून कुजतो.

जर्मनींतील रीत

जुन्या गाडीकडे समाजानें कोणत्या दृष्टीनें पाहावें, याचें एक विचारपूर्वक उत्तर जर्मनीनें दिलेलें आहे. तेथें १९९७ पासून, निदान ३० वर्षांच्या, बव्हंशीं मूळ स्वरूपांत असलेल्या आणि उत्तम स्थितींत राखलेल्या गाडीस क्रमांकाच्या शेवटीं 'एच' हें अक्षर मिळूं शकतें. हें अक्षर 'ऐतिहासिक' या अर्थाच्या जर्मन शब्दाचें आद्याक्षर आहे. अशा गाडीस वर्षाला सुमारें १९२ युरो एवढाच ठराविक कर पडतो, आणि ज्या शहरी भागांत धुरामुळें जुन्या गाड्यांस मज्जाव आहे तेथेंही तिला प्रवेश मिळतो. मात्र हा मान केवळ वयाबद्दल मिळत नाहीं. तज्ज्ञाच्या परीक्षेंत गाडी उतरावी लागते. म्हातारपण आणि वारसा यांतील भेद सरकारनें असा कायद्यानें ठरविला आहे. स्टटगार्टजवळ फेलबाख येथें कंपनीनें जुन्या गाड्यांसाठीं स्वतंत्र केंद्र चालविलें असून, बरेचसे सुटे भाग अद्यापि मिळतात. ही सोय नसती तर ह्या हौसेचें आयुष्य फार थोडें ठरलें असतें.

पुण्याचें नातें

ह्या जर्मन वंशाचें आपल्या प्रांताशीं असलेलें नातें पुष्कळांस ठाऊक नसतें. '२४० डी' गाडींत जें 'ओ एम ६१६' जातीचें एंजिन होतें, त्याच जातीचें एंजिन पुण्याजवळील आकुर्डीच्या बजाज टेंपो कंपनीनें परवान्यानें तयार केलें. हीच कंपनी आज फोर्स मोटर्स या नांवानें ओळखली जाते. खेड्यापाड्यांतून दाटीवाटीनें माणसें वाहणाऱ्या ट्रॅक्समध्यें त्या घराण्याचें हृदय धडधडत होतें. यावरून दोहोंचे भाग सरसकट एकमेकांस बसतात असें मात्र समजूं नये.

पुढची पिढी 'डब्ल्यू १२४'. टेल्कोच्या भागीदारीनें १९९४ सालीं भारतांत मर्सिडीज-बेंझ कंपनी निघाली आणि १९९५ पासून पिंपरीस 'ई २२०' ह्या गाडीची जुळणी होऊं लागली. आपल्याकडे जुनी जर्मन गाडी म्हणून जी पुष्कळदां विक्रीस येते ती हीच. तिचा सांगाडा भक्कम आहे. पण १९९० नंतरच्या पहिल्या कांहीं वर्षांतील पेट्रोल एंजिनांच्या विजेच्या तारांवरील आवरण उष्णतेनें ठिसूळ होऊन गळून पडतें. तारांचा हा जुडगा बदललेला आहे काय, हा प्रश्न भाव ठरविण्यापूर्वीं विचारावा.

कायद्याचीही माहिती असावी. आपल्याकडे खाजगी मोटारीची नोंदणी १५ वर्षांची असते. पुढें तपासणी करून पांच-पांच वर्षांनीं तिचें नूतनीकरण करावें लागतें, आणि महाराष्ट्रांत पर्यावरण कर निराळा पडतो. २०२१ च्या केंद्रीय नियमांनीं ५० वर्षांवरील मूळ स्वरूपाच्या गाड्यांस 'व्ही ए' अक्षरांची निराळी नोंदणी दिली. पण अशी गाडी नित्य वापरासाठीं रस्त्यावर आणतां येत नाहीं. म्हणजे जर्मनींत तिशींत मिळणारा मान आपल्याकडे पन्नाशींत मिळतो. १९७६ सालची गाडी २०२६ सालीं त्या उंबरठ्यावर येते.

घरानें काय ठरवावें?

एकत्र कुटुंबांत हौस एकाची आणि खर्च सर्वांचा असें झालें कीं कुरबुर आलीच. म्हणून खरेदीपूर्वींच चार गोष्टी उघडपणें ठराव्यात. गाडीच्या किमतीइतकीच दुसरी रक्कम पहिल्या दोन वर्षांच्या दुरुस्तीसाठीं बाजूस ठेवावी. ती नसेल तर बेत पुढें ढकलावा. गाडीची जमाखर्चाची वही घरखर्चाच्या वहीहून निराळी असावी. देखभालीचा भार कोणा एकानें नांवानिशीं पत्करावा. आणि मुलांना रोज शाळेंत नेण्याचें काम तिच्यावर सोंपवूं नये. ती आपल्या काळीं सुरक्षित म्हणून नांवाजलेली होती हें खरें. तथापि अपघातांत फुगणाऱ्या पिशव्या आणि चाक घसरूं न देणारे ब्रेक तिच्या बहुतेक प्रतींत नाहींत. जुन्या डीझेलची काजळी शेजाऱ्याच्याही छातींत जाते, हेंही सुजाण माणसानें विसरूं नये. अशी गाडी थोडी चालवावी, पण नीट राखून चालवावी.

एवढें सांभाळण्याची तयारी असेल तर ह्या हौसेसारखी शाळा नाहीं. ज्या तरुणानें एक रविवार झडपांची फट मोजण्यांत घालविला, त्याला यंत्र म्हणजे काय तें पुस्तकांवांचून कळतें; आणि वस्तु मोडली कीं टाकावी ह्या आजच्या संवयीऐवजीं, वस्तु मोडली कीं उघडून पाहावी ही वृत्ति घरांत रुजते. तयारी नसेल तर दुसऱ्याची गाडी रस्त्यानें जातांना थांबून डोळे भरून पाहावी. त्यांतही आनंद आहे, आणि त्याला खर्च नाहीं.