तंबाखूच्या मुलुखातले दोन लढे

सीमाभागाविषयी लिहायला बसले की लेखणी 1 नोव्हेंबर 1956 पाशी येऊन थांबते. त्या दिवशी बेळगाव, निपाणी आणि भोवतालचा मराठी मुलूख म्हैसूर राज्यात गेला आणि इथला प्रत्येक लढा भाषेच्या खात्यावर जमा होऊ लागला. कडोली, उचगाव, सांबरा, येळ्ळूर इथली गावोगावची मराठी साहित्य संमेलने हा त्या लढ्याचा मोलाचा वारसा आहे. पण याच मातीत पोटासाठी झालेल्या लढ्यांना त्या मांडवात अजून हक्काची जागा मिळालेली नाही.

हे लढे तंबाखूभोवतीचे, आणि तंबाखू कामगारांच्या लढ्यांची परंपरा दूरवरची आहे. युरोपातली कामगार चळवळ म्हटले की गिरण्या, खाणी आणि गोद्या आठवतात. तंबाखूचे कामगार मात्र तिथे पहिल्या रांगेत होते. जर्मनीत देशपातळीवरची पहिली कामगार संघटना 1865 मध्ये लाइपझिगला उभी राहिली, ती सिगार वळणाऱ्यांची. या कामात यंत्राचा खडखडाट नसे. त्यामुळे एक जण मोठ्याने वर्तमानपत्र वाची, बाकीचे वळता वळता ऐकत. कामाच्या जागीच शिक्षण होई. कामगार बायकाही मागे नव्हत्या. 1888 मध्ये लंडनच्या ब्रायंट अँड मे या काडेपेटी कारखान्यात सुमारे 1400 बायका-मुलींनी संप केला आणि पगारातून दंड कापण्याची पद्धत मोडून काढली. मुंबईत त्याच दशकात, 1884 मध्ये, नारायण मेघाजी लोखंडे गिरणी कामगारांना संघटित करत होते. 1890 मध्ये मिळालेली रविवारची सुट्टी हे त्याच प्रयत्नांचे फळ.

निपाणीत गिरणीचे भोंगे नव्हते. तंबाखू शेतात पिके, व्यापाऱ्याच्या वखारीत जाई, तिथे बायका ती चाळत, निवडत आणि मग बिड्या घरोघरी वळल्या जात. शेतकरी, वखारीतली मजूर बाई आणि बिडी वळणारी, तिघांच्याही कमाईची दोरी व्यापारी-कारखानदारांच्या हाती होती. भाव, मजुरी आणि बिड्यांची छाट, म्हणजे किती बिड्या खराब म्हणून बाद करायच्या, तेच ठरवत.

1980 च्या सुमाराला वखारीतल्या हजारो बायका उठल्या. नाकातोंडात जाणारी धूळ, लांबत जाणारे तास, तुटपुंजी मजुरी, वर अपमान आणि छळ. प्रा. सुभाष जोशी यांच्या साथीने त्यांनी संघटना बांधली. युगांतर या स्त्रियांच्या चित्रपटगटाने दीपा धनराज यांच्या दिग्दर्शनाखाली 1982 मध्ये ‘तंबाखू चाकीला ऊब आली’ हा माहितीपट केला. त्यात या बायका स्वतःच आपला लढा सांगतात.

पाठोपाठ शेतकरी उठला. 1981 च्या मार्चमध्ये शरद जोशींच्या शेतकरी संघटनेच्या हाकेवर तंबाखू उत्पादकांनी पुणे-बंगळूर महामार्गावर ठाण मांडले. रास्त भाव मिळाल्याशिवाय उठायचे नाही, हा निर्धार होता. 6 एप्रिलला पोलिसांनी गोळीबार केला आणि शेतकऱ्यांचे बळी गेले.

खेड्यातला मालक-मजूर हा भेद दुय्यम, खरा संघर्ष ‘भारत’ विरुद्ध ‘इंडिया’, म्हणजे खेडी विरुद्ध शहरे, असे शरद जोशी मांडत. या मांडणीत शेतमजूर झाकला जातो, असा डाव्यांचा आक्षेप होता आणि तो बिनतोड आहे. तरीही निपाणीत मजूर बायकांबरोबर उभे राहिलेले सुभाष जोशी शेतकऱ्यांच्या आंदोलनातही पुढे होते. दोघांचे हित एकच होते असे नव्हे, पण दोघांना लुबाडणारी व्यवस्था एकच होती. म्हणून निपाणीला वर्गसंघर्षाच्या अभ्यासात स्वतंत्र स्थान आहे.

बिडीचा प्रश्न याहून चिवट. घरी वळणाऱ्या बाईचा मालक कोण? 1966 च्या बिडी-सिगार कामगार कायद्याने तिलाही कामगार मानले. कारखानदारांनी आव्हान दिले, पण 1974 मध्ये मंगळूर गणेश बीडी वर्क्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कायदा उचलून धरला. 1976 मध्ये बिडीवरच्या उपकरातून कल्याण निधी उभा राहिला. दवाखाने, मुलांच्या शिष्यवृत्त्या, घरे या निधीतून होऊ लागली. 2017 मध्ये जीएसटी आला आणि तो उपकर गेला. 2020 च्या कामगार संहितांनी 1966 चा कायदाही पोटात घेतला. बिडीचा खप घटावा, हे आरोग्यासाठी योग्यच. पण ज्या हातांनी आयुष्यभर बिड्या वळल्या त्यांना पर्यायी रोजगार देणे ही सरकारची जबाबदारी आहे आणि ती टाळली जाते आहे.

वखारीच्या धुळीने मराठी फुप्फुस आणि कानडी फुप्फुस असा भेद केला नाही. भाषेचा हक्क मागणाऱ्या आपण घामाचा हक्कही तितक्याच जोराने मागायला हवा. वखारीच्या लढ्यातल्या बायका आता म्हाताऱ्या झाल्या आहेत. त्यांच्या आठवणी मराठी, कानडी, उर्दू, ज्या भाषेत त्या सांगतील त्या भाषेत टिपून ठेवणे हे सीमाभागातल्या साहित्यसंस्थांनी येत्या वर्षीच हाती घ्यावे.