‘गौप्यस्फोट’ : व्युत्पत्ती आणि अर्थविचार

‘गुपित उघड करणे’ या अर्थी रूढ असलेला ‘गौप्यस्फोट’ हा षष्ठी तत्पुरुष समास आहे. वृत्तपत्रीय वापरामुळे तो ‘खळबळजनक बातमी’ या अर्थाकडे सरकला असला, तरी त्याच्या घटकांचा विचार केल्यास अधिक गंभीर आशय हाती लागतो.

‘गौप्य’ या शब्दाचे नाते ‘गुप्’ धातूशी आहे. गुप्त, गुपित, गोपनीय हे शब्द त्याच कुळातील होत. या धातूचा मूलार्थ मात्र ‘लपविणे’ हा नसून ‘रक्षण करणे’ हा आहे. ‘गोप’ म्हणजे गाई राखणारा. त्यावरून ‘गोपायति’ हे क्रियारूप व त्यातून ‘गुप्’ धातू, असा क्रम भाषाशास्त्रज्ञ मांडतात. ऋग्वेदात अग्नीला ऋताचा ‘गोपा’ म्हटले आहे, ते रक्षक याच अर्थाने. जे राखावयाचे ते दृष्टीआड ठेवावयाचे, या व्यवहारातून पुढे ‘लपविणे’ हा अर्थ दृढ झाला असावा.

‘स्फोट’ हा शब्द ‘स्फुट्’ धातूपासून सिद्ध झाला आहे. फुटणे, उमलणे आणि स्पष्ट होणे या तिन्ही अर्थच्छटा त्यात आहेत. भर्तृहरीच्या ‘वाक्यपदीया’तील ‘स्फोट’ हे तर अर्थाच्या प्रकटीकरणाचे तत्त्व आहे. मराठीतील ‘फुटणे’, ‘फोडणे’ ही प्राकृतातून आलेली याच कुळातील तद्भव रूपे. त्यामुळे ‘बिंग फोडणे’ व ‘गौप्यस्फोट करणे’ यांतील क्रिया मुळात एकच आहे. भेद आहे तो नैतिक निवाड्याचा. ‘बिंग’ म्हणताच लपविणारा दोषी ठरतो, ‘चहाडी’ म्हणताच सांगणारा. ‘गौप्यस्फोट’ हा निवाडा खुला ठेवतो.

हा निवाडा बोलणाऱ्याच्या बाजूवर कसा अवलंबून असतो, हे परळ-लालबागच्या गिरणगावाच्या संदर्भात स्पष्ट होते. डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली १८ जानेवारी १९८२ रोजी सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. अशा लढ्यात ‘फुटणे’ हे एकच क्रियापद परस्परविरोधी मूल्ये धारण करते. मालकाचे बिंग फुटणे हा संपकऱ्यांचा विजय, तर बैठकीतील बेत फुटणे, माणूस फुटणे आणि अखेर संपच फुटणे हा घात. राखले जाणारे काय व कोणासाठी, यावर क्रियेचे मूल्य ठरते.

भारतीय संविधानाच्या तिसऱ्या अनुसूचीनुसार मंत्री पदाबरोबर गोपनीयतेचीही शपथ घेतात. तेथेही ‘गुप्’ धातूचा मूलार्थच निर्णायक आहे. गोपनाने लोकहिताचे रक्षण होत असेल, तर त्याचा स्फोट हा भंग होय. केवळ व्यक्तीचा दोष झाकला जात असेल, तर तोच स्फोट सत्याचे प्रकटीकरण ठरतो.