परीक्षा मास्तरांची

सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती दीपंकर दत्ता आणि ऑगस्टिन जॉर्ज मसीह यांनी १ सप्टेंबर २०२५ रोजी दिलेल्या निकालाने देशभरच्या प्राथमिक शिक्षकांची झोप उडाली, यात नवल नाही. महाराष्ट्र व तामिळनाडूतून गेलेल्या अपिलांवरचा हा निकाल गोव्यालाही तितकाच लागू आहे. पहिली ते आठवीला शिकविणाऱ्या ज्या शिक्षकांची सेवा पाच वर्षांहून अधिक उरली आहे, त्यांनी दोन वर्षांत शिक्षक पात्रता परीक्षा उत्तीर्ण व्हावे, अन्यथा नोकरी सोडावी. त्याहून कमी सेवा उरलेल्यांना निवृत्तीपर्यंत राहता येईल. बढती मात्र मिळणार नाही.

शिक्षक पात्र असावा, याविषयी दुमत असण्याचे कारण नाही. ज्याला स्वतःला भागाकार येत नाही त्याने हाती खडू धरू नये, हे सांगण्यासाठी न्यायालयाचीही गरज नाही. प्रश्न आहे तो पात्रतेची अट केव्हा घालावी हा. नेमणुकीपूर्वी की वीस वर्षे शिकवून झाल्यावर?

शिक्षणहक्क कायदा २००९ चा. त्याच्या २३ व्या कलमान्वये राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेने २३ ऑगस्ट २०१० रोजी किमान पात्रता ठरविली आणि तीत ही परीक्षा घातली. त्याच अधिसूचनेत पूर्वी नेमलेल्या काही वर्गांतील शिक्षकांना मोकळीकही दिली. तत्कालीन नियमांत बसून, सरकारच्याच सहीशिक्क्याने रुजू झालेले मास्तर त्या मोकळिकीवर विसंबून राहिले, तर त्यांचा अपराध कोणता? २०१७ साली कायद्यात दुरुस्ती होऊन अपुरी पात्रता पुरी करण्यास ३१ मार्च २०१९ ची मुदत मिळाली. तीही सरली. पुढची सहा वर्षे शिक्षक शिकवीत राहिले आणि सरकारे पगार देत राहिली.

भरतीची प्रक्रिया सुरू झाल्यावर, मूळ नियमांतच तशी सोय नसेल तर, मध्येच निकष बदलता येत नाहीत, असे याच न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये सांगितले होते. तो वाद भरतीचा, हा सेवेतील शिक्षकांचा. कायद्याच्या दृष्टीने दोहोंत अंतर आहे, हे मान्य. पण उमेदवाराला मिळणारे संरक्षण वर्षानुवर्षे राबलेल्या शिक्षकाला मिळू नये, हे सामान्य माणसाच्या न्यायबुद्धीला पटणे कठीण. न्यायालयानेही ही अडचण ओळखली. घटनेच्या १४२ व्या कलमाखालील विशेषाधिकार वापरून पाच वर्षांची सवलत दिली ती त्यापोटीच. परंतु रेघ कोठेतरी ओढावीच लागते. साठाव्या वर्षी निवृत्त होणारा छप्पन वर्षांचा शिक्षक तीतून सुटला, चोपन्न वर्षांचा अडकला! अल्पसंख्याकांच्या संस्थांचा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपविला गेल्याने तर एकाच गावातील दोन शाळांच्या शिक्षकांना तूर्त दोन न्याय लागू झाले.

परीक्षा १५० गुणांची. खुल्या वर्गाला त्यांपैकी ९० मिळवावे लागतात. बालविकास, दोन भाषा, गणित आणि परिसर अभ्यास यांना प्रत्येकी ३० गुण. पुस्तक हाती धरलेल्या मास्तरांना हे अशक्य नाही. मात्र परीक्षा हाच पात्रतेचा एकमेव पुरावा मानणाऱ्यांनी शेजारच्या महाराष्ट्राकडे पाहावे. तेथे २०१९-२० च्या पात्रता परीक्षेत गुणांची खरेदी-विक्री झाल्याचे उघडकीस आले, परीक्षा परिषदेच्या आयुक्तांना अटक झाली आणि सात हजारांहून अधिक उमेदवार अपात्र ठरले.

राज्यांनी ही परीक्षा वर्षातून किमान एकदा घ्यावी, हे परिषदेचे मार्गदर्शक तत्त्व २०११ पासूनचे आहे. तेव्हा दोन वर्षांच्या मुदतीचा भार एकट्या शिक्षकावर टाकून सरकारला हात झटकता येणार नाहीत. परीक्षांच्या तारखा आगाऊ जाहीर व्हाव्यात, प्रश्नपत्रिका मराठी व कोकणीतून निघाव्यात, सुट्टीत तयारीचे वर्ग चालावेत आणि त्यांचा खर्च खात्याने सोसावा. एकशिक्षकी शाळेतील मास्तर परीक्षेत अडला आणि घरी गेला, तर दुसऱ्या दिवशी त्या शाळेचे कुलूप कोण उघडणार, याचे उत्तरही शिक्षण खात्याने आताच तयार ठेवावे.