न पेललेले दगड

कुस्कोच्या अर्ध्या दिवसाच्या स्वस्त सहलीत चार अवशेष दाखवतात. तिकीट वेगळे, लोकरीच्या दुकानातला थांबा तेवढा फुकट. साक्सायवामानला आमच्या वाट्याला पाऊण तास आला. सांध्यांत कागदही शिरत नाही, हे वाटाड्याने दाखवले आणि मंडळी फोटोंकडे वळली.

मला खिळवले ते ओसाड माथ्याने. तिथल्या बुरुजांचे आता पायेच उरलेत. १५३६च्या मान्को इंकाच्या वेढ्यानंतर स्पॅनिशांनी इथला दगड खाली शहरात नेला. त्यातून कॅथेड्रल आणि घरे उभी राहिली. नेले ते हलण्याजोगे. १०० टनांहून जड असलेला चुनखडीचा धोंडा तटातच राहिला. म्हणजे आपण पाहतो ती तटबंदी कोणी जपलेली नव्हे, पेलवली नाही म्हणून उरलेली आहे.

लोखंडाशिवाय हे घडवले कसे? ‘परग्रहवासी!’ एक सहप्रवासी म्हणाला. वास्तुतज्ज्ञ ज्याँ-पिएर प्रोट्झेन यांनी कठीण गोट्यांनी ठोकून असा दगड घडवता येतो, हे स्वतः करून पाहिले होते. वेळ आणि माणसे हवीत, एवढेच.

केंको, पुका पुकारा धावतच झाले. तांबोमाचायचे पाणी अजून वाहते. परतल्यावर मी कॅथेड्रलच्या भिंतीला हात लावून पाहिला. दगड उन्हाने तापला होता.