राजा परांजपे यांच्या चित्रपटांतील मित्रभाव

राजा परांजपे यांच्या चित्रपटांचा उल्लेख बहुधा ‘निर्मळ करमणूक’ या शब्दांनी होतो आणि तेथेच थांबतो. हे वर्णन खोटे नव्हे. परंतु अपुरे खास आहे. संतपट, ऐतिहासिक पट आणि १९५९ च्या ‘सांगत्ये ऐका’नंतर जोर धरलेला तमाशापट, या तिन्ही प्रकारांतील नायक सामान्य प्रेक्षकाहून काही अंगुळे तरी उंच असे. परांजपे यांचा नायक मात्र खिसा रिकामा असलेला, नोकरीच्या नाहीतर निवाऱ्याच्या शोधात असलेला मनुष्य आहे. नात्याने व पैशाने साथ सोडली असता अशा माणसाला कोण सांभाळतो, हा त्यांच्या उत्तम चित्रपटांतील खरा प्रश्न होय.

परांजपे यांचा जन्म १९१० साली मिरजेस झाला. कोल्हापूरच्या चित्रसृष्टीत नट म्हणून उमेदवारी केल्यावर ते दिग्दर्शनाकडे वळले आणि १९४८ च्या ‘जिवाचा सखा’पासून ग. दि. माडगूळकर व सुधीर फडके यांच्याशी त्यांचे नाव जोडले गेले. हे दोघेही १९१९ साली जन्मलेले, म्हणजे परांजपे यांच्याहून नऊ वर्षांनी लहान. कथा, गीत, स्वर आणि दिग्दर्शन यांची अशी सलग जोड मराठीत विरळाच. पडद्यावर जी मैत्री दिसते ती पडद्यामागेही नांदत होती, असे म्हणावयास हरकत नाही.

‘लाखाची गोष्ट’ (१९५२) हे या जोडीचे सर्वांत ठसठशीत फळ. कफल्लक कलावंत मित्रांपुढे प्रेयसीचा धनाढ्य पिता अट ठेवतो की, एक लाख रुपये ठराविक मुदतीत खर्च करून दाखवावे. मॅककचन या अमेरिकी लेखकाच्या १९०२ मधील कादंबरीशी हे कथाबीज जुळते. पण तेथील नायकाला खर्चाचे कारण मित्रांपासून लपवावे लागते, तर येथे मित्र हाच खर्चातील भागीदार. राजा गोसावी आणि स्वतः परांजपे यांची जोडगोळी पैसा उधळू पाहते, आणि पैसा काही केल्या संपत नाही. महिनाअखेरीस हातउसने घेणाऱ्या प्रेक्षकाला ही अडचण किती गोड वाटली असेल! पुण्याच्या भानुविलास चित्रपटगृहात राजा गोसावी आपल्याच चित्रपटाची तिकिटे विकत, अशी आठवण सांगितली जाते. पडद्यावर लाख रुपये, आणि बाहेर तिकिटाची खिडकी: परांजपे यांच्या विनोदाची जात याहून वेगळी नाही.

‘ऊन पाऊस’मध्ये (१९५४) हाच दिग्दर्शक हसू बाजूला ठेवतो. ज्यांना वाढविले त्याच मुलांच्या घरी वृद्ध मातापित्यांची वाटणी होते. परांजपे व सुमती गुप्ते यांनी रंगविलेल्या या दांपत्यात शेवटी उरते ते सख्यच. पतिपत्नी हे येथे प्रथम एकमेकांचे मित्र आहेत. मुलांना खलत्व न देण्याचा संयम अधिक असता तर चित्र आणखी धारदार झाले असते.

या विश्वाच्या मर्यादाही स्पष्ट आहेत. गिरणीकामगार किंवा गावकुसाबाहेरचा समाज त्यात फारसा येत नाही. दारिद्र्य असते ते बहुतांशी पांढरपेशाचे. ‘जगाच्या पाठीवर’ (१९६०) हा चित्रपट मात्र घराच्या भिंती ओलांडून रस्त्यावर येतो. भटका नायक आणि सीमा यांनी साकारलेली अंध मुलगी यांना जोडणारे नाते रक्ताचे नाही, व्यवहाराचेही नाही. एकाची दृष्टी दुसऱ्याच्या उपयोगी पडते, इतकेच.

‘हा माझा मार्ग एकला’मध्ये (१९६३) सोबतीला बालनट सचिन आहे, तरी शीर्षकच एकटेपणाचे आहे. पुढच्याच वर्षी आलेला ‘पाठलाग’ ही न्यायालयात उलगडणारी रहस्यकथा. तंत्रदृष्ट्या ती अधिक बांधेसूद असून तिच्यावरून १९६६ साली ‘मेरा साया’ हा हिंदी चित्रपट निघाला. गीते माडगूळकरांची होती, पण संगीत दत्ता डावजेकरांचे. आणि एका खोलीत राहून उधारीवर दिवस काढणारे ते मित्र या कथेत कोठेच नव्हते.