पार्श्वसंगीत : एक संज्ञा व एक कारकीर्द

रत्नागिरी जिल्ह्यातील हेदवी येथे उमामहेश्वराच्या देवळानजीक कातळात एक अरुंद घळ आहे. तिला बामणघळ म्हणतात. भरतीच्या वेळी लाट तीत शिरते, कोंडली जाते आणि मोठा आवाज करीत उंच उसळते. ती ओसरल्यावर जी क्षणिक स्तब्धता पसरते, तीही त्या नादाचाच भाग वाटते. अशा किनाऱ्यावरील चित्रपटाच्या संगीतकारापुढे पहिला प्रश्न येतो तो कोणते वाद्य योजावे हा नव्हे, तर येथे वाद्य योजावे की नाही, हा होय.

या कामाला मराठीत ‘पार्श्वसंगीत’ म्हणतात. ‘पार्श्वभूमी’ या शब्दाच्या साहचर्याने त्याचा अर्थ ‘मागचे संगीत’ असा घेतला जातो. संस्कृतात मात्र ‘पार्श्व’ म्हणजे कूस, बाजू. बाजूने चालणारा सोबती कधी बोलतो, कधी मौन पाळतो. हा मूळ अर्थ भास्कर चंदावरकर (१९३६–२००९) यांच्या कारकिर्दीच्या संदर्भात अधिक अन्वर्थक ठरतो.

पं. रविशंकर यांच्याकडे सतार शिकलेल्या चंदावरकरांनी १९६५ ते १९८० या काळात पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संगीताचे अध्यापन केले. कुमार शहानींचा ‘माया दर्पण’ (१९७२), गिरीश कार्नाडांचा कन्नड ‘ओंदानोंदु कालदल्लि’ (१९७८) व मृणाल सेन यांचा ‘खंडहर’ (१९८४) यांचे संगीत त्यांचे. ‘घाशीराम कोतवाल’ (१९७२) या नाटकाचेही त्यांचेच. रूढ चित्रपटात संगीतकाराची कीर्ती व प्राप्ती गीतांवर अवलंबून असते. अल्प भांडवलाच्या, पुष्कळदा गीतविरहित अशा स्वतंत्र चित्रपटात हा आधार नसतो. म्हणून अध्यापन व रंगभूमी यांची जोड येथे महत्त्वाची ठरते.

संदीप सावंत यांच्या ‘श्वास’ (२००४) या चित्रपटालाही त्यांचेच संगीत होते. डोळ्याच्या कर्करोगामुळे दृष्टी गमावणार असलेला नातू व त्याचे कोकणातील आजोबा यांची ही कथा. ज्याचे जग यापुढे ध्वनींतूनच उभे राहावयाचे, त्याच्या कथेत संगीताने भोवतालचे आवाज झाकून टाकणे म्हणजे कथेचाच आधार काढून घेणे होय.

गीत चित्रपटापासून सुटे होऊन लोकांच्या ओठी राहते. पार्श्वसंगीत तसे सुटे होत नाही. म्हणून त्याचा अभ्यास दृश्य, संवाद व शांतता यांच्यासह, मूळ चित्रपट समोर ठेवूनच करावा लागतो. चित्रपटाची प्रत नष्ट झाली, तर अशा संगीतकाराचे केवळ नाव श्रेयनामावलीच्या नोंदीत उरेल. बामणघळीतील लाटेचे वर्णन उरावे आणि नाद हरपावा, तसे.